पॉलेटचं काम

रविवारी सकाळी चर्चमधून घरी येऊन, अंगातला कोटही न काढता, पॉलेट युर्कोने सरकारी नंबर फिरवला आणि आपल्याच हाताने आपल्या पायावर धोंडा पाडून घेतला.

नंबर होता बेकारी भत्त्याच्या कार्यालयाचा. पिट्सबर्गजवळच्या ग्लेनफोर्ज गावातला पडद्यांचा कारखाना जानेवारीत बंद पडला. त्या कारखान्यात पडद्यांच्या चुण्या शिवण्यात पॉलेटची उमेदीची सगळी वर्षं गेली होती. आता साठीला टेकलेल्या बाईला नवीन नोकरी काय पटकन मिळते? तोवर भत्त्याचा आधार होता. त्यासाठी एक रविवार सोडून एक रविवार फोन करायचा आणि यंत्रातल्या बाईच्या प्रश्नांना उत्तरं द्यायची, एवढंच. यंत्रातली बाई मोठी गोड. ती कधी खोकत नाही, कधी दमत नाही आणि समोरच्याचं अवाक्षरही ऐकून घेत नाही. होय असेल तर एक दाबा, नाही असेल तर दोन दाबा.

"या काळात आपण काम केलंत का?" बाईने विचारलं.

आता काय झालं होतं, ते ऐका. ईस्टरआधीचा उपासकाळ सुरू झाला होता. उपासकाळात शुक्रवारी ग्लेनफोर्जमध्ये कोणी मांसाला शिवत नाही, आणि चर्चच्या तळघरात पिरोह्यांची विक्री असते. पिरोही म्हणजे दिसायला आपली करंजीच, फक्त आत उकडलेला बटाटा आणि चीज, तळायची नाही, पाण्यात उकळायची आणि वर लोण्यात परतलेला कांदा ओतायचा. पिट्सबर्गहून लोक गाड्या काढून येतात आणि रांग पार फुटपाथवर जाते. त्या एका शुक्रवारसाठी बुधवारी बटाटे सोलायचे, गुरुवारी लाटायचं, भरायचं, मुरडायचं, आणि शुक्रवारी पहाटेपासून चुलीपुढे उभं राहायचं. कारखाना चालू असताना पॉलेट सुट्टी मिळेल तशी जायची. या वर्षी ती सगळेच दिवस जात होती. पिरोहीला तिच्यासारखी मुरड घालणारी दुसरी बाई तळघरात नव्हती. तिची पिरोही पाण्यात कधी फुटली नाही.

तर त्या रविवारी तिला उजवा खांदा वर उचलवत नव्हता. नखांत पीठ होतं, केसांना कांद्याचा वास होता. तासाभरापूर्वी तिने चर्चमध्ये कम्युनियनचा पवित्र प्रसाद घेतला होता, त्या तोंडाने खोटं कसं बोलायचं? आणि त्या गावात पिरोहीला काम सोडून दुसरा शब्दच नाही. "गुरुवारी काम आहे", "आज काम लवकर उरकलं", "तुझी बहीण कामाला का नाही आली", असंच सगळ्या बायका बोलतात. तिच्या आईनेही तेच म्हटलं होतं, आजीनेही. मग काम केलंत का, असं कोणी विचारल्यावर पॉलेट काय सांगणार?

तिने एक दाबलं.

त्या आठवड्यातच कार्यालयातून एका तरुण मुलाचा फोन आला. मुलगा सभ्य होता, पण त्याच्यापुढे ठरलेले प्रश्न होते आणि तो त्यांच्या बाहेर पाऊल टाकत नव्हता.

"आपण काम केल्याचं कळवलंय. कुठे?"

"चर्चच्या तळघरात. पिरोहीवर."

"मालकाचं नाव?"

पॉलेट विचारात पडली. "तसं बघायला गेलं तर येशू ख्रिस्त," ती म्हणाली, "पण रोजचं सगळं मिसेस कोस्टेल्निक बघतात."

पलीकडे संगणकावर टकटक टकटक वाजत राहिलं. "पगार?"

"पगार कसला? फुटलेल्या पिरोह्या घरी नेतो आम्ही. फुटलेल्या नसल्या तर चांगल्यातल्या देतात."

"म्हणजे वस्तूच्या रूपात मोबदला," मुलगा म्हणाला, आणि टकटक वाढली. शेवटी त्याने सांगितलं की चौकशी पुरी होईपर्यंत भत्ता थांबवलाय. हे काम नाही आणि नोकरी मिळाल्यास पॉलेट ती धरायला मोकळी आहे, असं तिथल्या जबाबदार माणसाने कळवायचं, मग बघू.

संध्याकाळी तिने हे मुलाला, ग्रेगला, फोनवर सांगितलं. ग्रेग दूर दक्षिणेला, कॅरोलायनात. तिथे बर्फ नाही, चढ नाही, आणि गॅरेजवर आईसाठी खोली रंगवून तयार.

"आई, तुला कोणी सांगितलं होतं खरं बोलायला?"

"कोणी सांगावं लागतं का रे?"

"इथे ये ना. तिथे काय ठेवलंय आता? कारखाना गेला, अर्धं गाव गेलं. तू एकटी त्या चढावर बर्फ काढत बसतेस. मला झोप लागत नाही."

ग्रेग वाईट मुलगा नव्हता, उलट फार चांगला होता, म्हणून तर त्याला नाही म्हणणं अवघड. पॉलेटने शब्द दिला. ईस्टरपर्यंत भत्ता सुटला तर ती इथेच राहून नोकरी शोधेल. नाही सुटला तर घर विकायला काढेल आणि त्याच्याकडे जाईल. गॅरेजवरच्या त्या खोलीत ती एकदा राहिली होती. सगळं छान होतं. सकाळी उठून कुठे जायचं, तेवढं मात्र तिला तिथे कळलं नव्हतं.

जबाबदार माणूस म्हणजे फादर, असं समजून ती फादर मायरनकडे गेली. फादर मायरन नवे, शरदातच आलेले, वयाने तिच्या मुलाएवढे आणि मनाने लोण्यासारखे. त्यांनी तिथल्या तिथे बसून पत्र लिहिलं. श्रीमती युर्को या मंडळीतील भगिनींच्या विरंगुळ्याच्या उपक्रमात हौसेने भाग घेतात, त्यास काम म्हणता येणार नाही. "सही मात्र मिसेस कोस्टेल्निक यांची घेऊ," ते म्हणाले. "स्वयंपाकघर त्यांचं आहे. मला अजून तिथे झाऱ्यालाही हात लावू देत नाहीत."

ओल्गा कोस्टेल्निक ही ऐंशी ओलांडलेली बुटकी बाई. तळघरात तिचा शब्द शेवटचा. त्या गुरुवारी ती लोण्याच्या पातेल्यापाशी उभी होती. तिने चष्मा कपाळावरून नाकावर घेतला, पत्र वाचलं, परत वाचलं, आणि तिची तळपायाची आग मस्तकात गेली.

"विरंगुळा?"

"तसं लिहावं लागतं, मिसेस कोस्टेल्निक," फादर म्हणाले. "सरकारी भाषा."

"फादर, या चर्चचं छप्पर कशावर उभं आहे?"

"देवाच्या कृपेवर."

"बटाट्यावर उभं आहे. बॉयलर बटाट्याचा आहे. तुम्ही झोपता ती गादी बटाट्याची आहे. माझी आई इथे उभी राहून राहून पाय सुजवून घरी यायची, आणि माझा बाप तिला विचारायचा, दमलीस का गं. विरंगुळा झाला का, असं विचारायचा होय?"

लाटणाऱ्या बायकांची लाटणी थांबली. फादरांचे कान लाल झाले.

"मी खोट्याखाली सही करत नाही," ओल्गा म्हणाली आणि पत्र सरळ गरम पातेल्याखाली सारलं. मग ती पॉलेटकडे वळली. "तू सांग. तू तरी सांग, हे काम नाहीये?"

बायका पॉलेटकडे बघत होत्या. एक शब्द बोलली असती तर सुटली असती. म्हणायचं, माझ्यासाठी करा सही, माझं घर जाईल हो. पण तिला वाटलं, हे म्हणजे ओल्गाबाईला तिच्या आईच्या सुजलेल्या पायांवर बोळा फिरवायला सांगणं झालं.

"काम आहे," पॉलेट म्हणाली.

"मग झालं."

झालं काय, कपाळ! दोघी खऱ्याला धरून बसल्या आणि भत्त्याचं घोंगडं भिजत पडलं. एक बाई थोडीशी लबाड असती तर ही गोष्ट इथेच संपली असती.

पुढचा आठवडाभर ओल्गा पॉलेटशी पिठाव्यतिरिक्त कशावरही बोलली नाही. "जाड लाटतेस." "सारण कमी भर." बास. पॉलेटला वाटलं, पत्र आणलं म्हणून बाई आपल्यावर रुसली. तरीही ती रोज जात राहिली. घरी बसून सरकारी नंबर लावत राहायचं आणि लाइन व्यस्त असल्याचं ऐकत राहायचं, त्यापेक्षा ते बरं. घराची किंमत काय येईल म्हणून तिने एका दलालालाही विचारून ठेवलं. तो येऊन खोल्या बघून गेला आणि तिच्या स्वयंपाकघराला जुनाट म्हणाला. त्याचा तिला इतका राग आला की तिने त्याला दिलेली कॉफी अर्धी असतानाच उचलून नेली.

पाम संडेच्या, म्हणजे ईस्टरच्या आदल्या रविवारच्या, आधीचा गुरुवार उजाडला. त्या आठवड्याइतकी मागणी वर्षात कधी नसते. पॉलेटने मुरडता मुरडता भत्त्याच्या कार्यालयाला फोन लावायचं ठरवलं. तळघरात रेंज फक्त मोरीवरच्या खिडकीत, म्हणून फोन तिथे पावाच्या डब्याला टेकवून ठेवला, आवाज मोठा केला, आणि अहो आश्चर्यम्, लाइन लागली. यंत्रातली बाई म्हणाली, आपला फोन आमच्यासाठी महत्त्वाचा आहे, कृपया थांबा. मग बासरी सुरू झाली.

ती बासरी काही थांबेना. एकच धून, संपली की पुन्हा पहिल्यापासून. आधी बायका कुरकुरल्या, मग हसल्या, मग कोणाच्या लक्षात न येता सगळ्यांचे हात त्या धुनीवर पडायला लागले. पारी घ्या, गोळा ठेवा, दुमडा, मुरडा. पारी घ्या, गोळा ठेवा.

"पॉलेट," लाटणाऱ्या एकीने आवाज दिला, "सरकारचा काही उपयोग नाही असं कोण म्हणतं गं? आज काम किती भराभर चाललंय!"

पॉलेटलाही हसू आलं. त्या क्षणी तिला सगळं विसरायला झालं. बाहेर बर्फ वितळून पन्हळीतून पाणी पडत होतं, मोठ्या पातेल्यावर वाफ होती, आणि तिच्या दोन्ही बाजूंना ओळखीचे खांदे हलत होते. सुख सुख म्हणतात ते याच्यापेक्षा वेगळं काय असतं, असं तिला वाटलं, आणि लगेच आठवलं की हे कदाचित शेवटचंच वर्ष.

बासरी तुटली. "नमस्कार, मी शर्लीन बोलतेय. काय मदत करू?"

जिवंत माणूस! पॉलेट पिठाच्या हातांनी खिडकीकडे धावली आणि नाव, नंबर, सगळं एका दमात सांगून मोकळी झाली.

"जरा थांबा हं, बघते," शर्लीन म्हणाली. आवाज मध्यमवयीन, दमलेला, पण आत कुठेतरी हसरा. "हं. काम केलं म्हणून कळवलंय तुम्ही. मालक..." ती थांबली. "मालकाच्या जागी इथे येशू ख्रिस्त लिहिलंय."

"मी तसं म्हटलं होतं खरं," पॉलेट पुटपुटली.

"फोन नंबर दिलेला नाही त्यांचा."

तळघरात कोणीतरी फिसकन हसलं. पलीकडेही हसण्याचा आवाज आला. "मागे कोण आहे तुमच्या? कुठून बोलताय?"

"तळघरातूनच बोलतेय. आज गुरुवार ना, काम चालू आहे," पॉलेट म्हणाली आणि जीभ चावली.

"तेच काम का हे?"

"हो, तेच."

"मग तिथे जबाबदार कोणी असेल ना? त्यांना द्या."

सगळ्यांनी चुलीकडे पाहिलं. ओल्गाने झारा ठेवला, हात ॲप्रनला पुसले, एकेक बोट पुसलं, आणि खिडकीपाशी येऊन फोनवर ओरडली. तिला वाटतं लांबच्या माणसाशी मोठ्यानेच बोलावं लागतं.

"मी ओल्गा कोस्टेल्निक! आधीच सांगून ठेवते, हे काम नाही असं मी म्हणायची नाही!"

"नका म्हणू," शर्लीन म्हणाली. "मी विचारते तेवढंच सांगा. पगार देता का पॉलेटला?"

"कोणालाच नाही. मलाच नाही तर तिला कुठला?"

"उशिरा आली तर कापता काही?"

"बोलते."

"काय बोलता?"

"ते फोनवर सांगण्यासारखं नसतं."

"बरं. आणि आलीच नाही तर?"

"तर सूप घेऊन तिच्या घरी जाते," ओल्गा म्हणाली. कसला हा वेडा प्रश्न, असा तिचा चेहरा झाला होता. "ती बाई कधी चुकत नाही. आली नाही म्हणजे आजारी असणार."

पलीकडे टकटक चालू होती ती थांबली. "मिसेस कोस्टेल्निक, आमच्या चर्चमध्ये आम्ही मासे तळतो," शर्लीन म्हणाली. "शुक्रवारी इथून सुटले की थेट कढईपुढे. केसांचा वास पुढच्या शुक्रवारपर्यंत जात नाही. हे काम नाही असं कोणी मला म्हणून तर बघावं. पण माझ्यापुढे जे विचारलंय ना, ते काम नाही हो, नोकरी. यंत्र म्हणतं काम, त्याच्या मनात असते नोकरी. त्याला बिचाऱ्याला फरक कळत नाही."

"असं सांगा की मग!" ओल्गा म्हणाली. "नोकरी नाहीच आहे ही. नोकरी असती तर हिला मी केव्हाच काढून टाकली असती, इतकी जाड लाटते."

बायका खिदळल्या. पॉलेटच्या जिवात जीव आला, पण शर्लीनचं संपलं नव्हतं.

"शेवटचा प्रश्न. याचं उत्तर मला नीट हवं, यावर सगळं आहे. समजा उद्या सकाळी, ऐन विक्रीच्या वेळी, पॉलेटला कोणी म्हणालं, नोकरी आहे, आत्ताच्या आत्ता रुजू व्हा. तर तुम्ही तिला सोडाल?"

कोणी हसलं नाही. पाम संडेच्या आधीच्या शुक्रवारी ओल्गा कोस्टेल्निकने कोणाला सोडल्याचं कोणाला आठवत नव्हतं. स्वतःच्या गुडघ्याचं ऑपरेशन तिने या शुक्रवारासाठी पुढे ढकललं होतं. डॉक्टर तिच्यावर खवळला होता, तर त्यालाच तिने बशीभर पिरोह्या पाठवून गप्प केलं होतं. ओट्यावर अजून अर्ध्याहून जास्त पीठ पडलेलं होतं. पॉलेट पिठाच्या हातांकडे बघत उभी राहिली. बाई खोटं बोलणार नाही, तिला माहीत होतं. हेच तर भय होतं.

"उद्या कशाला?" ओल्गा म्हणाली. आता ती ओरडत नव्हती. "आत्ता लागली तर आत्ता जाऊ दे."

"नक्की?"

"बाई, हा उपासकाळ लागल्यापासून प्रत्येक पातेल्यातली पहिली पिरोही मी हिच्या नावाने सोडते. पाण्यात टाकताना म्हणते, देवा, पॉलेटला नोकरी दे, आणि हल्ली म्हणते, तिला त्या उन्हाळ्याच्या मुलुखात पाठवू नको. तिच्या जागी मला दोन बायका लागतील, तेही त्याला सांगून ठेवलंय."

पॉलेटने मान वर केली. कॅरोलायनाचं तिने इथे कोणाला सांगितलं नव्हतं. पण ग्लेनफोर्जमध्ये दलाल एकदा घरात शिरला की गावाला आणखी काय सांगायचं उरतं? आठवडाभर ती समजत होती, बाई रुसलीय. आणि बाई चुलीपुढे पाठ करून प्रत्येक पातेल्याशी हे बोलत होती.

पलीकडून बराच वेळ टकटक ऐकू आली. मग शर्लीन म्हणाली, "सुटला. अडकलेलं सगळं पुढच्या आठवड्यात जमा होईल. आणि पॉलेट, यंत्राने पुन्हा विचारलं की दोन दाबायचं. देव समजून घेईल."

"आणि तिथे लिहा, की हे काम आहे!" ओल्गा पुन्हा ओरडली.

"रकाना नाही हो तसा."

"मग कडेला लिहा!"

"बरं, लिहिलं," शर्लीन म्हणाली. लिहिलं की नाही, ते तिचं तिला ठाऊक. फोन बंद झाला आणि तळघरात एकच गलका उडाला. एकीने पॉलेटला मिठी मारली, तिच्या पाठीवर पिठाचे दोन पंजे उमटले. दुसरी म्हणाली, आधी ग्रेगला फोन लाव, त्याला सांग, गॅरेजवर भाडेकरू ठेव म्हणावं.

पॉलेट आपल्या जागेवर आली. पारी उचलली, सारणाचा गोळा ठेवला, दुमडली, आणि मुरड घालता घालता तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहायला लागलं. थांबवायचा तिने प्रयत्नच केला नाही.

ओल्गा शेजारी येऊन उभी राहिली. तिने पॉलेटच्या हातातली पिरोही काढून घेतली, उजेडात धरून मुरड बघितली, आणि पातेल्याकडे जाता जाता म्हणाली,

"रडायचं तर जरा बाजूला तोंड करून रड गं. मीठ मी आधीच घातलंय."